कंपनीच्या ब्लॉगसाठी लेखक नेमताय? या चुका टाळा

लेखक मिळतो, चार-पाच लेख येतात, भाषा शुद्ध असते, वेळही पाळलेली असते. तरी वाचून सगळ्यांना जाणवतं की हे आपल्या कंपनीचं वाटत नाही. मग लेखक बदलतो. नव्याचे लेखही तसेच निघतात. तिसऱ्यांदा हेच झालं की ‘चांगले लेखक मिळतच नाहीत’ असं ठरून जातं आणि ब्लॉग बंद पडतो.

मी अशा कंपन्यांसाठी लिहिलंही आहे आणि लेखक निवडायला टेबलाच्या दुसऱ्या बाजूलाही बसलो आहे. माझं मत असं की बहुतेक वेळा बिघाड लेखकाच्या आधीच झालेला असतो. कंपनीतलं ज्ञान लेखकापर्यंत पोहोचेल अशी वाटच कुणी ठेवलेली नसते. चांगला लेखक ते ज्ञान काढून घेऊ शकतो, मांडू शकतो, पण ते त्याच्या पोटात आधीपासून असावं ही अपेक्षा चुकीची आहे. खालच्या बऱ्याच चुका फिरून याच मुद्द्यापाशी येतात.

कशासाठी हवाय हे न ठरवता जाहिरात देणं

‘सगळ्यांचा ब्लॉग आहे, आपलाही हवा’ एवढ्यावर शोध सुरू होतो. त्याऐवजी जाहिरात लिहायच्या आधी विक्री आणि ग्राहकसेवेतल्या लोकांजवळ बसा आणि दोन गोष्टी विचारा. ग्राहक पुन्हा पुन्हा काय विचारतात? आणि कुठलं उत्तर तुम्ही जुन्या मेलमधून उचलून नव्या मेलमध्ये चिकटवता? त्या चिकटवलेल्या उत्तरांत तुमचे पहिले आठ-दहा लेख असतात.

हे केलं की कुठल्या प्रकारचा लेखक हवा तेही कळतं. अडचण घेऊन सर्चमधून आलेल्या माणसाला नीट समजावून सांगणारा लेखक वेगळा. ग्राहकाशी बोलून त्याचा अनुभव लिहिणारा वेगळा, त्याला मुलाखत घेता यावी लागते. संस्थापकाच्या नावाने, त्याच्या आवाजात मतं मांडणारा तर फारच वेगळा, कारण त्याला स्वतःची शैली बाजूला ठेवावी लागते. तिन्ही कामं उत्तम करणारी माणसं असतात, पण थोडी. आधी एक काम निवडा.

इथेच दुसरी चूक जोडून येते. जाहिरातीत लेखनाच्या जोडीला एसइओ (सर्चमध्ये लेख वर आणायचं काम), सोशल मीडिया, ग्राफिक डिझाइन, व्हिडिओ एडिटिंग आणि न्यूजलेटर अशी सगळी यादी असते. लेखनावर ज्याची खरी पकड आहे तो ही यादी पाहूनच पुढे जातो. जे अर्ज येतात त्यांत सगळं थोडंथोडं येणारे जास्त असतात, आणि मग लेख उथळ येतात म्हणून तक्रार होते.

छापून आलेले नमुने पाहून निर्णय घेणं

छापलेल्या लेखावर किती हात फिरलेत हे वरून दिसत नाही. एखाद्या जागी चांगला संपादक असेल तर कच्चा मसुदाही झळाळून बाहेर येतो. उलटही होतं: चांगल्या लेखकाचा लेख कंपनीतल्या मंडळींनी इतका घासलेला असतो की त्याला तो दाखवायची लाज वाटते. म्हणून नमुना वाचा आणि मग त्याच्याबद्दल बोला. हा विषय कसा मिळाला? कुणाकुणाशी बोललात? पहिल्या मसुद्यात काय होतं आणि नंतर काय बदललं? कुठली गोष्ट शोधायला सगळ्यात जास्त वेळ गेला? ज्याने खरंच काम केलंय तो इथे भरभरून बोलतो. ज्याने सर्चच्या पहिल्या पानावरचे लेख एकत्र करून नवा बनवलाय त्याच्याकडे सांगायला फारसं काही नसतं.

काही चांगल्या लेखकांकडे दाखवायला नमुनेच कमी असतात, कारण त्यांनी दुसऱ्यांच्या नावाने लिहिलेलं असतं आणि गुप्ततेच्या करारामुळे ते बोलू शकत नाहीत. त्यांना त्यासाठी बाद करू नका. जो जुन्या क्लायंटचं गुपित तुमच्यासमोर उघडत नाही, तो उद्या तुमचंही उघडणार नाही.

तुमच्याच क्षेत्रातला अनुभव हवाच, हा आग्रहही बहुतेक वेळा अनाठायी असतो. वैद्यकीय, कायदेशीर किंवा आर्थिक सल्ल्याचा विषय असेल तर तो हवा, कारण तिथली चूक वाचकाला महागात पडते. बाकी ठिकाणी जिज्ञासू बाहेरचा माणूस अनेकदा बरा, कारण वाचकाला जिथे अडतं तिथेच तोही अडतो आणि विचारतो.

फुकट चाचणी

दहा उमेदवारांना दहा वेगळे विषय देऊन ‘टेस्ट आर्टिकल’ मागवायचं, पैसे द्यायचे नाहीत, आणि त्यातलं बरं ते वापरूनही टाकायचं. ही लबाडी आहे आणि लेखकांच्या वर्तुळात अशा कंपन्यांची नावं फिरतात. ज्याच्याकडे काम आहे तो फुकट चाचणी देत नाही, म्हणजे या चाळणीत सगळ्यात आधी अनुभवी माणूसच गळतो.

दोघा-तिघांना निवडा, नेहमीच्या दराने पैसे द्या आणि खरा विषय द्या. चाचणीच्या वेळी कंपनीतल्या एका जाणकाराशी अर्धा तास बोलायची सोयही करून द्या. लेख तर बघालच, पण त्याच्या आजूबाजूला काय घडतं तेही बघा. काम हाती घेतल्यावर त्याने काही विचारलं का, की ‘ओके, शुक्रवारी देतो’ एवढंच म्हणाला? जे समजलं नाही तिथे त्याने खूण करून ठेवली, की गोलमोल वाक्य टाकून पुढे गेला? मसुद्यावर एक-दोन दुरुस्त्या सुचवा. चांगला लेखक काही मान्य करतो, एखादीवर कारण देऊन अडून राहतो. सगळं मुकाट मान्य करणाऱ्याबरोबर काम सोपं वाटतं, पण तो तुमची चूकही तशीच छापायला पाठवेल.

शब्दांवर पैसे

शब्दाला इतके पैसे असा दर ठेवला की लेख लांबतो. यात लेखकाचा दोष काढता येत नाही, तुम्ही ज्याचे पैसे देताय ते तो देतोय. ‘आजच्या वेगवान डिजिटल युगात प्रत्येक व्यवसायासाठी देखभालीचं महत्त्व दिवसेंदिवस वाढत चाललं आहे’ असं वाक्य दिसलं की समजावं, इथे शब्द भरले जातायत. वाचक तिथूनच परत फिरतो.

‘किमान २००० शब्द असतील तरच गूगलवर वर येतं’ हा समज अजून जिवंत आहे. गूगलने साइटचालकांसाठीच्या मार्गदर्शनात स्पष्ट म्हटलंय की त्यांची कुठलीही पसंतीची शब्दसंख्या नाही. ज्या प्रश्नाचं उत्तर ४०० शब्दांत होतं ते ४०० शब्दांत द्या.

दर लेखावर ठरवा, आणि त्यात काय काय धरलंय ते लिहून ठेवा: एक मुलाखत, वाचन, मसुदा, दुरुस्तीच्या दोन फेऱ्या. तिसरी फेरी लागली आणि कारण तुमच्याकडे विषयच बदलला हे असेल, तर जादा पैसे द्या.

जाणकारापासून लेखकाला लांब ठेवणं

माझ्या मते ही सगळ्यात महागडी चूक आहे.

समजा कंपनी औद्योगिक पंप बनवते. मार्केटिंगकडून लेखकाला येणारं ब्रीफ सहसा असं असतं: ‘विषय: पंपांच्या देखभालीचं महत्त्व. १२०० शब्द. कीवर्ड पाच वेळा. टोन प्रोफेशनल पण फ्रेंडली. शेवटी आमच्या उत्पादनाचा उल्लेख.’ यावरून कितीही हुशार लेखक काय लिहिणार? नियमित देखभाल करा, वेळोवेळी तपासणी करा, तज्ज्ञांचा सल्ला घ्या. हे दुसऱ्या कुठल्याही पंप कंपनीच्या नावाखाली तसंच्या तसं चालेल.

आता त्याच लेखकाला सर्व्हिस इंजिनीअरबरोबर चाळीस मिनिटं बसू द्या. लेखक विचारतो, ‘साहेब, फोन आल्यावर सगळ्यात जास्त वेळा कुठली तक्रार असते?’ तो म्हणतो, ‘पंपातून खडे घोळल्यासारखा आवाज येतोय. ऐकणाऱ्याला वाटतं बेअरिंग गेलं, म्हणून आधी बेअरिंग बदलतात. आवाज तसाच राहतो.’ मग? ‘मी पहिला प्रश्न विचारतो, सक्शनचा स्ट्रेनर (द्रव आत ओढणाऱ्या बाजूची गाळणी) शेवटचा कधी साफ केला? पुष्कळदा तोच चोंदलेला असतो. नाहीतर कुणीतरी सक्शनचा व्हॉल्व्ह अर्धवट बंद ठेवलेला असतो.’

लेख इथे मिळाला. स्ट्रेनर चोंदला किंवा सक्शनचा पाइप बारीक आणि लांब असला की पंपाच्या तोंडाशी दाब घसरतो, द्रवाचे बुडबुडे होतात, आणि जास्त दाबाच्या भागात गेल्यावर ते फुटून इम्पेलरचा, म्हणजे पंपातल्या फिरत्या पात्यांच्या चाकाचा, पृष्ठभाग खातात. कॅव्हिटेशन म्हणतात ते हेच. आता लेखाचं नाव ‘पंपातून खडे घोळल्यासारखा आवाज येतोय? बेअरिंग उघडण्याआधी हे तपासा’ असं होतं. कारखान्यातला मेंटेनन्सचा माणूस आवाज ऐकून सर्चमध्ये जवळपास हेच शब्द टाकणार आहे. प्रतिस्पर्ध्याला हा लेख सहज उचलता येत नाही, कारण तो क्रम, पहिला प्रश्न आणि लोक नेमके कुठे फसतात हे तुमच्या इंजिनीअरच्या डोक्यातून आलंय. लेखकही तोच आहे आणि कंपनीही तीच. वाढली ती फक्त चाळीस मिनिटं.

गूगल ज्या माणसांकडून सर्चच्या निकालांचा दर्जा तपासून घेतं त्यांच्या मार्गदर्शिकेत डिसेंबर २०२२ मध्ये तज्ज्ञता, अधिकार आणि विश्वासार्हता यांच्या जोडीला ‘अनुभव’ हा निकष आला. म्हणजे लिहिणाऱ्याने किंवा ज्याच्या तोंडून लिहिलंय त्याने ती गोष्ट स्वतः केलीय का. पण हा निकष नसता तरी वाचकाला फरक कळलाच असता.

अडचण बहुतेक वेळा वेळेची सांगितली जाते: ‘आमच्या इंजिनीअरला फुरसत नाही.’ त्याला लेख लिहायला लावू नका, ते खरंच त्याचं काम नाही. महिन्याला एक तास त्याच्या कॅलेंडरवर ठेवा आणि त्याच्या वरिष्ठाला सांगा की हा तास कामातच धरायचा. त्याच्या परवानगीने संभाषण रेकॉर्ड करा. लेखकाने प्रश्न आदल्या दिवशी पाठवावेत. एका तासात नीट बोलणं झालं तर दोन लेखांचं सामान निघतं. आणि लेख छापून आला की त्यात त्या इंजिनीअरचं नाव टाका, त्याला चालत असेल तर. पुढच्या वेळी तो स्वतःहून विषय घेऊन येतो, हे मी बऱ्याचदा पाहिलंय.

मसुद्यावर सगळ्यांचे हात

मसुदा गूगल डॉकमध्ये टाकला जातो आणि सात जणांना लिंक जाते. विक्रीप्रमुख म्हणतात उत्पादनाचं नाव पहिल्याच परिच्छेदात हवं. तांत्रिक विभाग म्हणतो हे फार सोपं केलंय. एचआरला वाटतं कंपनीच्या मूल्यांचा उल्लेख राहिला. कुणीतरी ‘मजा नाही आली’ एवढंच लिहून जातो. लेखक सगळ्यांना खूश करायला बसतो आणि लेखातून जीव निघून जातो.

शेवटचा शब्द एकाचाच असू द्या. बाकीच्यांना त्यांच्या वाट्याचा एकच प्रश्न द्या: इंजिनीअरने फक्त तांत्रिक चूक आहे का ते सांगायचं, कायदा बघणाऱ्याने एखादा दावा अंगाशी येईल का ते सांगायचं. वाक्यांची चव त्यांनी बघायची नाही. ‘मजा नाही आली’ला उत्तर म्हणून विचारा, ‘कुठल्या परिच्छेदापाशी वाचायचं सोडावंसं वाटलं?’ याचं उत्तर मिळालं तर लेखकाला काहीतरी करता येतं.

आणि कॉमेंट तीन आठवड्यांनी देऊ नका. तोवर लेखकाच्या डोक्यातून विषय निघून गेलेला असतो.

एआयबद्दल गप्प राहणं

काही कंपन्या एआय वापरायचं नाही म्हणून बजावतात आणि मग प्रत्येक लेख ‘डिटेक्टर’मधून, म्हणजे मजकूर एआयने लिहिलाय का ते सांगणाऱ्या साधनातून, काढतात. काही जण विषयच काढत नाहीत. दोन्ही वाटांनी गोत्यात याल.

डिटेक्टरवर कुणाची नेमणूक किंवा हकालपट्टी ठरवू नका. चॅटजीपीटी बनवणाऱ्या ओपनएआयने जानेवारी २०२३ मध्ये असं एक साधन आणलं होतं. त्यांच्याच चाचणीत त्याने एआयने लिहिलेल्या मजकुरापैकी फक्त २६ टक्के ओळखला, आणि माणसाने लिहिलेल्यातला ९ टक्के मजकूर एआयचा ठरवला. अचूकता कमी म्हणून त्याच वर्षी जुलैत त्यांनी ते बंद केलं. स्वच्छ, सरळ लिहिणाऱ्या माणसावर नुसत्या टक्केवारीवरून आळ घेणं अन्यायाचं आहे.

पहिल्याच दिवशी उघड बोला आणि ठरलेलं लिहून ठेवा. मुलाखतीचं शब्दांकन करायला, आराखडा तपासायला चालेल का? मसुदा त्यातून काढलेला चालेल का? कंपनीची अंतर्गत माहिती बाहेरच्या साधनात टाकायची नाही, हे तर ठळक लिहा. प्रत्येक आकडा, तारीख आणि दावा कुठून घेतला त्याची लिंक मसुद्यात शेजारी मागा. यंत्राने रचलेला खोटा आकडा तिथेच पकडला जातो, आणि माणसाने ऐकीव माहितीवर टाकलेलाही. गूगलचं धोरणही साधनापेक्षा परिणामाकडे बघतं: सर्चमध्ये वर येण्यासाठी ढिगाने निरुपयोगी मजकूर ओतणं हा मार्च २०२४ च्या नियमांनुसार स्पॅम आहे, मग तो माणसांनी लिहिलेला असो की यंत्राने.

करार न करणं

‘पैसे दिले म्हणजे लेख आमचा’ हे दर वेळी खरं नसतं. बर्न करार या कॉपीराइटच्या आंतरराष्ट्रीय कराराच्या सदस्य देशांत लेखनावरचा हक्क लिहिताक्षणी आपोआप तयार होतो, नोंदणी लागत नाही. पगारी कर्मचाऱ्याने कामाचा भाग म्हणून लिहिलेलं अनेक कायद्यांत कंपनीचं धरतात, पण बाहेरच्या फ्रीलान्सरचं तसं असेलच असं नाही. म्हणून हक्क कंपनीकडे कधी येतात (पूर्ण पैसे मिळाल्यावर, हे दोघांना न्याय्य), लेखकाचं नाव जाणार का, तो हा लेख नमुना म्हणून दाखवू शकतो का, बिल किती दिवसांत भागवणार, आणि मसुदा आल्यावर तुम्हीच विषय रद्द केलात तर किती द्यायचं, हे लेखी असू द्या. एक पान पुरतं. कंपनीच्या वकिलाला एकदा दाखवून घ्या.

नेमणूक होऊन गेलीय आणि गाडी अडलीय

पहिला लेख छान आणि पुढचे घसरत गेले, असं असेल तर पहिल्या वेळी काय होतं ते आठवा. बहुधा पहिल्या वेळी तुम्ही तासभर बोलला होतात आणि नंतर नुसते विषय पाठवत गेलात. बोलणं पुन्हा सुरू करा आणि पुढचे दोन लेख बघा.

लेख उशिरा येत असतील तर तारखा लिहून काढा: ब्रीफ कधी गेलं, लेखकाच्या प्रश्नांना उत्तर कधी मिळालं, मसुदा कधी आला, मंजुरी कधी झाली. उशीर कुणाच्या टेबलावर होतो ते त्या कागदावर दिसेल.

तथ्यं चुकत असतील आणि लिंक मागूनही सुधारणा नसेल, तर थांबा. भाषा सुधारता येते, बेफिकिरी सुधारायला फार वेळ जातो आणि तोवर वाचकाचा विश्वास गेलेला असतो. चोरलेला मजकूर सापडला तर एकदाही माफ करू नका.

लेख चांगले आहेत पण वाचक येत नाहीत, अशी तक्रार तिसऱ्या महिन्यात असेल तर ती घाईची आहे. सर्चमधल्या सुधारणांचा परिणाम दिसायला चार महिने ते एक वर्ष लागतं असं गूगलच्या लोकांनीच सांगितलंय. तोवर दुसरं माप लावा: विक्रीची माणसं ग्राहकाला हे लेख स्वतःहून पाठवतात का? पाठवत नसतील तर का नाही, ते त्यांनाच विचारा. त्या उत्तरात पुढचा विषयही मिळतो.

आणि जमतच नसेल, तर नीट वेगळे व्हा. हातात असलेला लेख पूर्ण करून घ्या किंवा त्याचे ठरलेले पैसे द्या, थकलेलं बिल त्याच आठवड्यात भागवा, कारण एक-दोन वाक्यांत खरं सांगा. मुलाखतींची रेकॉर्डिंग, टिपणं आणि कच्चे मसुदे मागून घ्या, तेही पैसे भागवल्यावर. पुढच्या लेखकाला पहिल्या दिवशी ते सगळं द्या, आणि त्याच्याबरोबर त्या इंजिनीअरचा फोन नंबरही.